वाटा की वानवळा

मी वकील आहे असं म्हटलं की नवीन माणूस हटकून खुनाबिनाचं विचारतो. मी म्हणते, नाही हो, मी बांधावरची वकील. बारामती आणि इंदापूर या दोन कोर्टांत मी जन्मभर एकच प्रश्न विचारत आले: रान कसतंय कोण? एवढ्या एका प्रश्नावर मुलांची शिक्षणं झाली, घर झालं, गुडघे गेले. कंटाळा मात्र आला नाही. एकाच रानाबद्दल दोन माणसं शपथेवर सांगायची, की पेरलं मी, खुरपलं मी, काढलं मी. दोघंही इतकं मनापासून सांगायची, की त्या रानात दोन पिकं एकावर एक उगवत असावीत असं ऐकणाऱ्याला वाटावं.

शहरातल्या वाचकांसाठी थोडं समजावून सांगते. मालकी वेगळी आणि ताबा वेगळा. सातबारा कुणाच्या नावावर, खरेदीखत कुणाचं, ही मालकीची भानगड. ताबा म्हणजे त्या रानात आज पाय कुणाचा आहे, पाणी कोण धरतं, खुरपणीला बायका कोण सांगतं. आमच्याकडं त्याला वहिवाट म्हणतात. जो वर्षानुवर्षं गुमान वहिवाट करतोय त्याला खुद्द मालकानंही उचलून बाहेर टाकायचं नाही, असं कायदा सांगतो. काढायचं असेल तर कोर्टात ये, दावा लाव, हुकूम घे, पण ट्रॅक्टर घेऊन येऊ नकोस. लोक नेमके ट्रॅक्टर घेऊनच येतात आणि मग दुसऱ्या दिवशी सकाळी आमच्या ऑफिसच्या पायरीवर कुणीतरी बसलेलं असतं.

ताबा दाखवायचा कशानं? सातबाऱ्यावरची पीक पाहणी, कारखान्यातली उसाची नोंद, मोटारीचं वीजबिल, आणि चारी बाजूंचे शेजारी. यात शेजारी म्हणजे सगळ्यात पक्का पुरावा आणि सगळ्यात अवघडही, कारण आमच्या भागात शेजारी दोन्ही बाजूंचा पाव्हणा निघतो. वाद फारच पेटला तर कोर्ट एखाद्या वकिलाला कमिशनर नेमून जागेवर पाठवतं. तिथं जे दिसेल ते त्यानं लिहून आणायचं. कमिशनर येणार म्हटलं की लोकांच्या अंगात काय संचारतं, देव जाणे.

पणदऱ्याच्या बाजूला एक तात्या होते. मी त्यांच्या विरुद्ध बाजूला. कमिशनर यायच्या आधी तात्यांनी वादाच्या रानात छप्पर उभं केलं, दावण ठोकली, चार म्हशी आणून बांधल्या आणि ट्रॉलीभर शेण आणून मागं जुना उकिरडा तयार केला. हे सगळं बघून कमिशनरसाहेब खूश. ‘गोठा, जनावरं, उकिरडा, सर्व बरेच जुने दिसते’ असं लिहायला त्यांनी सुरुवात केली. मी आपली घाम पुसत उभी. तेवढ्यात धारेची वेळ झाली. म्हशी हंबरायला लागल्या. एकीनं दावं तोडलं आणि पाण्याची चारी ओलांडून सरळ आपल्या खऱ्या गोठ्याकडं निघाली, तिच्या मागं बाकीच्याही ओढ घ्यायला लागल्या. तात्या मागं पळत ओरडतायत, “आगं थांब, ह्योच आपला गोठा हाय! ह्योच हाय!” कमिशनरसाहेबांनी ते वाक्यसुद्धा जसंच्या तसं लिहून घेतलं. अजून तात्या भेटले की मला विचारतात, “बाई, तुमी म्हशीला काय चारलं व्हतं?”

असे किस्से मी लग्नाकार्यात सांगते आणि लोक हसतात. पण मनात राहिलाय तो हिराआक्काचा दावा. इंदापूर तालुक्यातलं गाव. नाव सांगत नाही, दोन्ही घरं अजून तिथंच आहेत आणि दोन्ही घरांत मला चहा मिळतो, तो बंद व्हायला नको.

हिराआक्का साठीच्या घरातली. लग्नानंतर थोड्याच वर्षांत नवऱ्यानं दुसरी केली आणि ही माहेरी परत आली. वडिलांनी, म्हणजे अण्णांनी, चार पाव्हण्यांसमोर सांगितलं, “विहिरीकडंचं रान हिरीच्या चोळी-बांगडीला.” अशी रीत आहे आमच्याकडं. लेकीनं भावापुढं हात पसरायला नको, म्हणून तिच्या चोळी-बांगडीला रानाचा एक तुकडा द्यायचा. कागद नाही, काही नाही, तोंडचा शब्द. हिराआक्कानं त्या रानातच दोन खोल्या बांधल्या, दोन शेळ्या पाळल्या, भुईमूग, मका, गहू करत राहिली. अण्णा वारले. तेव्हा बहिणी करतात तसं तिनंही भावाला हक्कसोड पत्र करून दिलं. रजिस्टर कचेरीत जायचं, अंगठा उमटवायचा, भावानं साडी घ्यायची, येताना हॉटेलात भजी खायची, झालं.

“आक्का, अंगठा देताना रानाचं बोलला नाहीत?” मी पहिल्याच भेटीत विचारलं.

“त्यात काय बोलायचं? रान तर अण्णांनी दिल्यालं. ते कुठं जातंय?”

रान कुठं जात नव्हतं, पण शेजारचा रस्ता मोठा झाला आणि गिऱ्हाईक आलं. तिचा धाकटा भाऊ नामदेव, गावात आबा म्हणतात, उसाचा चांगला बागायतदार. कडक इस्त्रीची टोपी, कारखान्याचा सभासद, पंचक्रोशीत शब्दाला मान. त्याच्या डोक्यात गिऱ्हाइकानं भरवलं की सगळं रान एकत्र दिलं तरच सौदा. आबा एका सकाळी ट्रॅक्टर घेऊन आला आणि आक्काच्या उभ्या भुईमुगात त्यानं कोपऱ्यातून नांगर घातला. आक्का नांगरापुढं जाऊन बसली. ट्रॅक्टर थांबला. दुसऱ्या दिवशी ती माझ्या पायरीवर होती.

मी कागद मागवले आणि कपाळाला हात लावला. सातबारा आबाचा. हक्कसोडीनं आक्काचं नावच पुसलेलं. वीजबिल अजून अण्णांच्या नावावर. पीक पाहणी म्हणाल तर ती आता मोबाईलवर करायची असते, आणि सातबाऱ्यावर ज्याचं नाव त्यानंच करायची. त्यामुळं आबा दरवर्षी बांधावर उभा राहून आक्काच्या भुईमुगाचा फोटो काढायचा आणि आपल्या नावानं चढवायचा. आक्का वर त्याला म्हणायची, “ऊन डोळ्यावर येतंय, हिकडनं काढ.” हे तिनंच मला सांगितलं, वर कौतुकानं, की फोटो लई झ्याक येतो.

मालकीचं नावच काढायचं नाही, हे मला तिथंच कळलं. एकच आधार होता, ताबा. रान मी कसते, मला दांडगाईनं काढू नका, एवढंच मागायचं. दावा लावला. ‘आहे तसं राहू द्या’ असा न्यायाधीशसाहेबांनी हुकूम दिला आणि नांगर थांबला. पण तो तात्पुरता. हरलो असतो तर साठीच्या बाईला दोन शेळ्या घेऊन भावाच्या ओसरीवर जावं लागलं असतं, तेही ज्या भावाला कोर्टात ओढलं त्याच्या. मला त्या विचारानं जेवण जाईना.

साक्षीदार शोधायला मी स्वतः गावात गेले. बांधाला बांध असलेला शेजारी मोठा गोड माणूस. त्यानं बसवलं, उसाचा रस काढून दिला आणि म्हणाला, “बाई, आक्काचं बी खरं हाय, आबाचं बी खरं हाय. आपल्याला मधी घालू नका.”

“अहो, दोघांचं कसं खरं असेल?”

“तेच तर कोर्टाला कळाया पायजे न्हवं?”

रस चांगला होता. मी परत आले.

आबाच्या वकिलांनी कैफियत, म्हणजे दाव्याला लेखी उत्तर, दिली ती हुशारीची होती. रान आबाचं, वहिवाट आबाची. बहीण निराधार, म्हणून दया करून राहायला जागा दिली. ती भावाच्या वतीनं रानात राबते आणि पीक भावाच्या घरी येतं. मी वाचून हसले. म्हटलं, पीक भावाच्या घरी येतं म्हणे! आणा की पुरावा.

पुरावा माझ्याच अशिलानं आणला.

हिराआक्काचा उलटतपास होता. समोरचे वकील आवाज न चढवणारे, गोड बोलून माणूस उघडा करणारे. त्यांनी विचारलं, “आक्का, शेंगा काढल्या की पहिल्यांदा कुठं जातात?”

“नामाच्या घरी.”

मी खुर्चीत सावरून बसले.

“दरवर्षी?”

“दरवर्षी. शेंगा म्हणा, मका म्हणा, हुरडा म्हणा. जे निघंल ते आधी तितं.”

“दावा लावल्यावरसुद्धा?”

“व्हय की.”

“म्हणजे या रानातलं पीक नामदेवरावांच्या घरी जातं, बरोबर?”

“बरोबर,” आक्का म्हणाली आणि माझ्याकडं बघून हसली, खरं बोलल्याबद्दल मी शाबासकी देईन अशा चेहऱ्यानं.

वकील म्हणाले, “बस, एवढंच,” आणि बसले. फेरतपासात मी सावरायला गेले, “आक्का, ते तुम्ही प्रेमानं देता ना?” लगेच समोरून हरकत, उत्तर तोंडात घालतायत म्हणून. हरकत मंजूर. बरोबरच होती, मीही घेतली असती.

बाहेर चहाच्या टपरीवर मी आक्काला अशी झाडली की टपरीवाल्यानं गॅस बारीक केला. “तुम्हाला भावानं नांगराखाली घालायला कमी केलं नाही आणि तुम्ही त्याला शेंगा पाठवता? ते म्हणतायत तो त्यांचा वाटा आहे! मालकाचा वाटा! आता मी काय सांगू साहेबांना? मला सांगितलं का नाहीत आधी?”

“तुमी इचारलं न्हाय.”

“अगं बाई, हे काय विचारायचं असतं?”

“कोर्ट कोर्टाच्या जागी, बाई. पहिल्या शेंगा भावाच्या घरी गेल्याबिगर माझ्या तोंडाला चव न्हाय. त्यो बोलंना का. मी दुरडी ओट्यावर ठिवती आन् येती. भावजय दुसऱ्या दिशी बांधावर आणून ठिवती दुरडी. ती बी बोलत न्हाय.” आक्कानं बशीत चहा ओतला. “पण रिकामी न्हाय हां धाडत. भांडाण हाय म्हणून तिनं रीत सोडली न्हाय. मागल्या खेपंला तर कारखान्याची साखर घातली व्हती.”

माझा कप तोंडाशी तसाच राहिला. “काय म्हणालात?”

“साखर. सभासदाला मिळती न्हवं का, ती.”

मी टपरीवाल्याला आणखी दोन चहा सांगितले आणि आक्काला पहिल्यापासून सगळं पुन्हा सांगायला लावलं.

आबाची साक्ष लागली त्या दिवशी कोर्टात गावातली बरीच माणसं आली होती. आबा तयारीनं आला होता. पेरणी कोण करतं? मी. बी कुठून आणता? इंदापुरातनं. खुरपणीच्या बायका? आमच्या मंडळी सांगतात. सगळं कसं पाठ. मी थोडा वेळ त्याला जिंकू दिलं. मग विचारलं, “नामदेवराव, या रानातलं पीक तुमच्या घरी येतं?”

“येनारच. माझं रान, माझं पीक.”

“कशातून येतं? ट्रॉलीतून, की पोत्यांतून?”

“दुरडीतनं.”

“दुरडी कुणाची?”

“आक्काची.”

“मग दुरडी तुमच्याकडंच राहते?”

“राहील कशाला? परत जाती की.”

मी साहेबांकडं वळले आणि अगदी सहज म्हणाले, “लिहून घ्यावं, साहेब. दुरडी रिकामी परत जाते.”

“रिकामी?” आबा एवढ्या मोठ्यानं ओरडला की मागच्या बाकावरचे पेंगणारे जागे झाले. “कोण म्हणतंय रिकामी? ओ बाई, काय बी बोलू नका. आमच्या उंबऱ्यातनं रिकामी दुरडी जाती व्हय? गूळ घालतो, जवारी घालतो. साखर आली की साखर घालतो. गावात कुणाला बी इचारा. रिकामी म्हणं!”

समोरचे वकील उठले. साहेबांनी हातानंच त्यांना खाली बसवलं.

“तुमच्या वस्तीवर वांगी, मेथी होते ना?” मी विचारलं. “गडी टोपलं भरून घरी आणतो. त्या टोपल्यातही गूळ घालून परत देता?”

आबा हसला. माझी त्याला कीव आली असावी. “गड्याच्या टोपल्यात गूळ कशाला? ते आपलंच रान आन् आपलंच टोपलं.”

“मग आक्काच्याच दुरडीत का?”

“आवं, त्यो वानवळा अस्तोय.”

साहेब तरुण होते, मुंबईत वाढलेले. त्यांनी पेन खाली ठेवलं. “वानवळा म्हणजे काय?”

आणि आबा त्यांच्याकडं पूर्ण वळला. भाच्याला शेतीतलं समजावून सांगावं तसं, हळू आणि मायेनं सांगायला लागला. “साहेब, वानवळा म्हंजी कसं, ज्याच्या रानात पिकतं त्यानं पहिल्यांदा आपल्या माणसाला चाखाया धाडायचं. इकायचं नंतर. आन् ज्याच्या घरी जातं त्यानं भांडं रिकामं परत द्यायचं न्हाय. चिमूटभर का हुईना, घालायचं. ही रीत हाय आपली.”

“म्हणजे स्वतःच्या रानातला वानवळा स्वतःच्या घरी येतो का?”

“आपला आपल्याला कसा यील, साहेब?” आबा मोकळा हसला.

मग हसू थांबलं. समोरचे वकील समोरच्या कागदावर रेघा मारत होते. आबानं टोपी काढली, आत बघितलं, परत घातली. मला आणखी विचारायचं नव्हतं.

खरं सांगते, मला त्या माणसाचं त्या क्षणी फार कौतुक वाटलं. सकाळपासून तो शपथेवर धडधडीत खोटं बोलत होता. पेरणी खोटी, बी खोटं, बायका खोट्या. ‘होय, रिकामी पाठवतो’ एवढं एकच खोटं अजून बोलला असता तर कदाचित दावा जिंकला असता. ते त्याच्यानं झालं नाही. जमीन गेली तरी चालेल, पण आपल्या घरातून भांडं रिकामं जातं असं चारचौघांत म्हणवून घ्यायचं नाही. असली माणसं मी दुसरीकडं पाहिली नाहीत, आणि माझा धंदा त्यांच्यावरच चालला.

निकाल आमच्या बाजूनं लागला. साहेबांनी निकालपत्रात वानवळ्यावर अख्खा परिच्छेद लिहिला. मी तो घरी वाचून दाखवला, शेजारच्यांना दाखवला, भाजीवालीलाही दाखवला. पण वकील म्हणून मला माहीत होतं की हा जय अर्धाच आहे. आबानं दांडगाईनं रानात यायचं नाही, अडथळा करायचा नाही, एवढंच कोर्टानं म्हटलं होतं. मालकी त्याचीच होती. तो बारामतीला अपील करू शकत होता. नाहीतर सरळ मालक म्हणून नवा दावा लावून, सगळ्या रीती पाळून आक्काला बाहेर काढू शकत होता. हे मी आक्काला नीट सांगितलं. तिनं ऐकलं की नाही कोण जाणे. ती कोर्टाच्या पायऱ्या उतरणाऱ्या भावाच्या पाठीकडं बघत होती.

त्यानंतर शेंगा निघाल्या. आक्कानं दुरडी भरली, वर फडकं टाकलं, भावाच्या ओट्यावर ठेवली आणि आली. दुसऱ्या दिवशी दुरडी परत आली नाही. आठवडा गेला. आक्का एसटीनं बारामतीला माझ्या ऑफिसात आली आणि खुर्चीच्या कडेवर टेकली.

मला वाटलं अपिलाची धास्ती. मी म्हटलं, “आक्का, मी रोज चौकशी करते. मुदत संपत आलीय. अजून अपील आलेलं नाही.”

“अपिलाचं न्हाय, बाई. दुरडीचं. दुरडी आली न्हाय.”

“अहो, दुसरी घ्या. मी आणून देते बाजारातनं.”

तिनं मान हलवली. “आईच्या हातची सारवल्याली हाय ती,” ती म्हणाली. “पण त्याचं न्हाय मला. इतकं भांडलो, तवा बी परत आली. आता मी जिकली, तर न्हाय आली. मंग काय जिकलं म्हणायचं?” आणि डोळ्याला पदर लावला. वकिली करताना ही एक खंत कायम राहिली. मी किती बांध राखले याचा मला अभिमान आहे, पण त्या बांधांवरून किती घरांचं येणंजाणं तुटलं, ते कुठल्याच निकालपत्रात येत नाही.

मुदत संपायला थोडे दिवस उरले असतील. दुपारची वेळ. ऑफिसच्या दारात मोटरसायकल थांबली आणि आबा आत आला. हातात दुरडी, वर धुतलेलं फडकं. मी घाबरलेच. म्हटलं, हा आता शेंगा माझ्या टेबलावर ओततोय.

त्यानं दुरडी अलगद टेबलावर ठेवली. “बसू का?”

“बसा की, नामदेवराव.”

तो बसला, टोपी गुडघ्यावर ठेवली. “अपिलाचे कागद तयार हायत. वकील रोज फोन करतोय, सही करा म्हणून. पण मंडळी म्हणाली, दुरडी घरात पडलीया. ती रिकामी धाडायची का भरून, ते आधी ठरवा आन् मग कुठं बी सह्या करा.” त्यानं घसा खाकरला. “इतकं दिस घरात येता-जाता दिसतीय ओ ती. रिकामी धाडवत न्हाय. आन् भरून धाडायची म्हंजी... तुमाला कळतंय.”

मला कळत होतं. भरून पाठवणं म्हणजे पुन्हा एकदा कबूल करणं, आणि या वेळी उलटतपासाशिवाय.

त्यानं फडकं बाजूला केलं. आत गूळ नव्हता, साखर नव्हती. जरीकाठी खण होता आणि त्यावर कागदात गुंडाळलेल्या हिरव्या बांगड्या. चोळी-बांगडी. अण्णा बोलले होते तीच. माझ्या डोळ्यांत पाणी आलं आणि ते लपवायला मी चष्मा पुसायला गेले, तर चष्मा डोळ्यांवर नव्हताच, डोक्यावर होता.

तरी वकील ती वकीलच. मी म्हटलं, “नामदेवराव, खण झाला. कागदाचं काय? गिऱ्हाइकाचं काय?”

“गिऱ्हाईक गेलं आपल्या वाटंनं. कागद तुमी करा, बक्षीसपत्र का काय ते. मी रजिस्टरला येतो. पण ते मागनं. आधी मला ह्याचं सांगा.” त्यानं दुरडीवर हात ठेवला. “ही मी पोचवू कशी?”

“पोचवू कशी म्हणजे? रानात जाऊन द्या.”

“असं कसं? कोर्टाची मनाई हाय न्हवं मला! बांधाच्या आत पाय ठिवायचा न्हाय म्हणं. उद्या तुमीच कोर्टाचा अपमान म्हणून खेचाल. म्हणून तुमच्याकडं आलो. तुमी लिहून द्या.”

सबंध कारकिर्दीत मनाईचा हुकूम इतक्या काटेकोरपणे पाळणारा दुसरा प्रतिवादी मला भेटला नाही. हसावं की त्याच्या पाया पडावं, कळेना. मी लिहून दिलं नाही. फोन उचलला, आक्काचा नंबर लावला आणि दोघांना ऐकू जाईल असा टेबलावर ठेवला.

“आक्का, मी बोलतेय. नामदेवराव आलेत माझ्याकडं. दुरडी घेऊन आलेत.”

पलीकडं शेळी ओरडल्याचं ऐकू आलं.

“ते विचारतायत, रानात येऊ का. कोर्टाची मनाई आहे म्हणून अडलेत.”

“कुणी अडिवलंय त्याला?”

“कुणी म्हणजे?” मी तापलेच. “आपणच की! इतकी वर्षं खेटे घालून मनाई घेतली कशाला मग?”

“ती नांगराला घेतली व्हती, बाई,” आक्का म्हणाली. “भावाला कुठं घेतली?”

आबानं टोपी डोक्यावर चढवली, ती जरा वाकडीच बसली, आणि दुरडी उचलून तो निघाला.